पाठमोरी

सासूबाईंनी माळ घातली त्याला तीन वर्षं झाली.
तेव्हापासून आमच्यात कोंबडी बाहेर शिजते,
न्हाणीच्या मागं, तीन विटांवर,
जर्मनच्या त्या एका पातेल्यात
ज्याला घरात यायला बंदी आहे.
त्याची पळीसुद्धा वेगळी,
पत्र्याच्या फटीत खोचलेली.

आज बुधवार. ह्यांनी औशाच्या बाजारातून पाऊण किलो आणली,
काळ्या पिशवीत, त्या पिशवीवर आणखी एक पिशवी,
नि घराला वळसा घालून माझ्या हातात दिली
चोरीचा माल द्यावा तशी.

हळद-मीठ चोळलं. तुराट्या मोडल्या.
तुराटी भसकन पेटते नि तशीच विझते,
तिच्यापाशी बसून राहावं लागतं,
मधेच उठून कपडे वाळत घालता येत नाहीत.

सासूबाई बाजेवर,
माझ्याकडं पाठ, तोंड रस्त्याकडं.
शिवायचं नाही, बघायचं नाही.
ऐकण्याबद्दल मात्र
माळ घालताना कुणी काही बोललं नव्हतं.

"खोबरं जरा काळं होऊ दे. भिऊ नको."
मी चिमट्यात वाटी धरून निखाऱ्यावर फिरवली.
"कांदा सालीसकट भाज."
तसाच भाजत होते.
"तेल करडीचं घेतलीस, का ते पाकिटातलं?"
पाकिटातलं होतं. मी गप्प.
"कळालं," म्हणाल्या, रस्त्याकडंच बघत.
मग उठल्या, आतून करडीच्या तेलाची किटली आणली,
माझ्यापासून चार हातांवर ठेवली
आणि परत जाऊन बसल्या.

गल्लीतली म्हातारी माणसं अजून सांगतात:
शेषाबाईचा रस्सा आहे म्हटल्यावर
जावळाला पंचवीस माणसं बोलवायची
नि चाळीस जेवून उठायची.
मला तो मिळाला नाही.
मी लग्न होऊन आले त्याच महिन्यात त्यांनी माळ घातली.
चव कशी असते ते त्यांना माहीत,
त्या तोंडात घालणार नाहीत;
आणि मी घालते,
पण कशाशी ताडून बघू?

येसूर मात्र त्यांच्याच हातचा.
बाजरी, गहू, हरभऱ्याची डाळ, धने, दगडफूल,
उन्हाळ्यात दोन दिवस भाजत बसतात,
आणि गिरणीत सगळ्यांचं दळण झाल्यावर शेवटी नेतात,
नाहीतर पुढच्या माणसाच्या भाकरीला
आठवडाभर मसाल्याचा वास.

पातेलं रटरटायला लागलं.
रस्त्यावरून पाण्याचा टँकर गेला,
शेजारच्या पोरी घागरी घेऊन धावल्या,
तेवढ्या गलक्यात त्या म्हणाल्या,
"आवाज जड झालाय. आता येसूर."
"किती?"
"दोन मुठी. तुझ्या नव्हं, माझ्या."
आणि मान न वळवता
त्यांनी हात पाठीमागं केला,
मूठ मिटून दाखवली.
निळ्या शिरा, उजव्या अंगठ्याचं नख चिरलेलं.
मी माझी मूठ तिच्यापुढं धरून बघितली.
मला तीन लागल्या असत्या.
तीन घातल्या.

त्यांच्यासाठी आत गॅसवर
त्याच येसुराची आमटी केली होती,
वेगळ्या भांड्यात, वेगळ्या पळीनं, हात धुऊन.
त्यांनी ज्वारीची भाकरी मोडली, बुडवली,
डोळे मिटून बराच वेळ चावत राहिल्या.

"यात गूळ घातलीस?"
"चिमूटभर. आमच्या भोरला घालतात."
"आन् तिकडं?"
"तिकडंपण."

बाहेरून ह्यांनी तिसरी भाकरी मागितली.
त्यांनी ते ऐकलं. दुसरा घास मोडला.
"पुढच्या बुधवारी घालू नको," म्हणाल्या,
आणि वाटी माझ्याकडं सरकवली,
अजून थोडी वाढ म्हणून.